लाल काठाच्या आतली बाई

आश्विन लागायच्या आधीच कोलकात्यात एक बाई जिकडेतिकडे दिसायला लागते. उड्डाणपुलाच्या खांबावर, सोनाराच्या जाहिरातीत, मोहरीच्या तेलाच्या डब्यावर, सोनेतारण कर्जाच्या पत्रकावर. पांढरी साडी, वीतभर लाल काठ, कपाळावर जुन्या रुपयाएवढं कुंकू, भांगात ठसठशीत सिंदूर, मनगटात शंखाच्या पांढऱ्या बांगड्या म्हणजे शाँखा, आणि त्यांना लागून पोवळ्याच्या रंगाची बांगडी, म्हणजे पोला. पदराच्या टोकाला चाव्यांचा जुडगा, आणि तो पदर असा काही खांद्यावर टाकलेला, की सगळं घर हिच्याच हुकमात आहे हे लांबूनही कळावं. ती शंख फुंकते, नाहीतर धुनुची, म्हणजे धुपाचं पेटतं भांडं, घेऊन नाचते. वय कधीच पस्तिशीच्या पुढे जात नाही.

मी साताऱ्याची, सून बेहालाची. इतकी वर्षं या शहरात काढली, पण एखाद्या मंगळवारी सकाळी मासळीबाजारात ही बाई काही मला भेटलेली नाही. तिथे भेटतात त्या गाऊनवर ओढणी टाकून आलेल्या, एका हातात फोन आणि दुसऱ्या हातात नायलॉनची पिशवी धरून, कातला आजचा की कालच्या बर्फातला यावरून मासेवाल्याची खरडपट्टी काढणाऱ्या बायका. कुणाच्या हातात एखादं सोन्याने मढवलेलं लोखंडी कडं, कुणाच्या भांगात बारीकशी लाल रेघ, ती पण अंबाडा वळला की दिसेनाशी होणारी. बाकी काही नाही.

आपल्याकडे तरी काय वेगळं झालं? नऊवारी आजीबरोबर स्वयंपाकघरातून गेली आणि पाडव्याच्या शोभायात्रेत बुलेटवर बसून परत आली. रोजच्या कामातून जी गोष्ट उठते ती चित्रात जाऊन बसते, आणि एकदा बसली की हलायचं नाव घेत नाही. बंगालमध्ये हे जरा जास्तच ठळक दिसतं, कारण घरातल्या लग्न झालेल्या बाईबद्दल बोलायला, लिहायला, तिला चितारायला बंगाली माणसाला गेली दीडशे-पावणेदोनशे वर्षं कधी कंटाळा आलेला नाही. बाई जागची जरा हलली की कुणीतरी लगेच तिचं नवं चित्र काढायला घ्यायचं, आणि ते वाळेपर्यंत ती आणखी पुढे गेलेली असायची.

होर्डिंगवरच्या या बाईची गंमत बघा. साडी तिने 'आटपौरे' पद्धतीने नेसलेली असते, म्हणजे निऱ्या न घालता, अंगाभोवती गुंडाळून, पदर फिरवून पुन्हा खांद्यावर घेतलेला. ही जुनी घरगुती तऱ्हा. पण आत असतं लेस लावलेलं, लांब बाह्यांचं पोलकं. जेव्हा घरोघरी आटपौरे नेसत होते तेव्हा पोलकं नव्हतं, आणि पोलकं आलं तेव्हा नेसण बदललं होतं. दोन वेगवेगळ्या काळातल्या बायका एका चित्रात कोंबून ही 'अस्सल बंगाली बोउ', म्हणजे सून, तयार झालेली आहे. आणि त्या पोलक्याचा उगम, सांगितलं तर इथल्या कित्येकांना पटत नाही, आपल्या मुंबईत आहे.

सत्येंद्रनाथ ठाकूर हे रवींद्रनाथांचे थोरले भाऊ, आय.सी.एस. झालेले पहिले भारतीय. १८६४ साली ते मुंबई इलाख्यात नोकरीवर रुजू व्हायला निघाले आणि बायकोला बरोबर नेणार म्हणाले. तेव्हा ठाकूरांच्या जोडासांकोच्या वाड्यात पहिला प्रश्न पडला तो हा, की त्यांची बायको ज्ञानदानंदिनी अंगावर घालणार काय? त्या काळी बंगाली घरातली बाई एकच वस्त्र अंगाला गुंडाळायची. खाली परकर नाही, वर पोलकं नाही. माजघरात तेवढं पुरे, उंबऱ्याबाहेर नाही. शेवटी एका फ्रेंच दुकानातून 'पौर्वात्य' म्हणून काहीतरी पोशाख शिवून आणला. तो इतका अवघड होता, की तिला एकटीला तो अंगावर चढवताच येईना. बोटीपर्यंत तिला न्यायचं तेही पालखीतूनच, कारण घरच्या सुनेने सगळ्यांदेखत चालत जाऊन घोडागाडीत बसणं वाड्याला झेपणारं नव्हतं.

मुंबईत हे जोडपं आधी एका पारशी कुटुंबात राहिलं. त्या घरातल्या बायकांची साडी ज्ञानदानंदिनीने बघितली, उचलली आणि स्वतःच्या सोयीने बदलली. पदर उजव्या खांद्यावरून डाव्यावर आणला, म्हणजे उजवा हात मोकळा. आत परकर, वर पोलकं. दोनेक वर्षांनी ती कोलकात्याला परतली ती या नव्या नेसणीत, आणि वाड्यासमोर चक्क गाडीतून उतरली. घरात त्या दिवशी सुतक पडल्यासारखं झालं म्हणतात. पुढे ब्राह्मसमाजी घरांतून ही नेसण पसरली. कुणी तिला ब्राह्मिका साडी म्हणे, कुणी सरळ 'बोम्बाई दस्तूर', मुंबईची तऱ्हा. 'वामाबोधिनी पत्रिका' नावाच्या बायकांसाठीच्या मासिकात तर, ज्यांना शिकायची असेल त्यांनी आमच्याकडे यावं, अशी जाहिरातही तिने दिली होती. आज देशभर जी साडी 'साधी' म्हणून नेसली जाते तिच्यामागे या बाईची खटपट बरीच आहे. सत्येंद्रनाथ १८९७ साली जज्ज म्हणून निवृत्त झाले ते आमच्या साताऱ्यातून. हे मी सासरी अधूनमधून ऐकवते. आमचे नवरोजी म्हणतात, नेसायला तुम्ही शिकवलंत, खायला कधी शिकणार?

ज्ञानदानंदिनीच्या आधीची बाई कशी होती हे कळायला आपल्याकडे एक विलक्षण साक्षीदार आहे. राससुंदरी देवी. लग्न बाराव्या वर्षी, पुढे बारा मुलं. शिकायची सोय नाही, शिकणारी बाई विधवा होते असा समज. हिने पंचविशीत 'चैतन्यभागवता'च्या पोथीचं एक पान काढून घेतलं, स्वयंपाकघरात लपवलं, आणि मुलगा ताडपत्रावर अक्षरं गिरवायचा त्यातलं एक पान पळवून दोन्हीतली अक्षरं जुळवत जुळवत वाचायला शिकली. तिचं 'आमार जीवन' १८७६ साली छापलं गेलं. बंगालीतलं ते पहिलं आत्मचरित्र. त्यातली पोथीची गोष्ट सगळे सांगतात, मला घोड्याची जास्त आठवते. नवऱ्याचा एक घोडा होता. तो अंगणात येऊन वाळत घातलेलं धान खायचा, आणि ही घरात लपून बसायची. का, तर घोडा मालकांचा! मालकांच्या घोड्यासमोर सुनेने उघड्या तोंडाने कसं जायचं? पुढे तिचं तिलाच या लाजण्याचं हसू आलं, आणि तेही तिने लिहून ठेवलं. एकोणिसाव्या शतकातल्या घरंदाज सुनेवर मोठमोठे ग्रंथ आहेत, पण त्या घोड्याच्या दोन परिच्छेदांत जे कळतं ते तिथे कळत नाही.

बाहेर मात्र पुरुषांचं काम जोरात चालू होतं. १८७० च्या दशकात बंकिमचंद्र 'वंगदर्शन' मासिकातून जुनी बाई आणि नवी बाई यांची तुलना मांडत होते. जुनी पाणी भरायची, कांडायची, नवी पुस्तक घेऊन लोळते, वगैरे. तिकडे कालीघाटच्या देवळाबाहेर पटुए, म्हणजे चित्रं रंगवणारे कारागीर, दोन पैशाला बाईची चित्रं विकत होते: बाबूला लाथ घालणारी बीबी, नवऱ्याचा मेंढा करून त्याला दोरीने ओढणारी बीबी. १८७३ साली नवीनचंद्र नावाच्या, छापखान्यात नोकरी करणाऱ्या माणसाने बायकोचा, एलोकेशीचा, मासे कापायच्या विळीने गळा कापला. तारकेश्वरच्या महंताने तिला नादी लावलं होतं. चित्रांना नुसता ऊत आला. एलोकेशी महंताला विडा देतेय, एलोकेशी नवऱ्याच्या पाया पडतेय, एलोकेशी मरून पडलीय. लोकांची सगळी सहानुभूती नवीनला, त्याच्या सुटकेसाठी अर्जांवर अर्ज. बंगालमध्ये घरोघरी पोचलेलं विवाहितेचं पहिलं चित्र जर कुठलं असेल तर ते बहुधा या सोळा वर्षांच्या मुलीचं, जिला कुणी काही विचारलं नव्हतं.

आणि मग १८८३. हे साल मला फार आवडतं. त्या वर्षी कादंबिनी बसू आणि चंद्रमुखी बसू कोलकाता विद्यापीठाच्या बी.ए. झाल्या. त्याच वर्षी कादंबिनीने द्वारकानाथ गांगुलींशी लग्न केलं, आणि लग्न झाल्यावर ती डॉक्टरकी शिकायला गेली. हा क्रम महत्त्वाचा. त्याच वर्षी फेब्रुवारीत, हुगळीच्या पलीकडे श्रीरामपूरच्या कॉलेजात एक मराठी बाई इंग्रजीतून भाषण देत होती. आनंदीबाई जोशी. गोपाळराव तिथे पोस्टात होते. आपण अमेरिकेला का निघालो हे सांगताना तिने बंगालच्या रस्त्यांवर आपल्याला काय भोगावं लागलं तेही सांगितलं: लोक भोवती जमायचे, हसायचे, ओसरीवर बसलेली प्रतिष्ठित मंडळी शेरे मारायची आणि खडेसुद्धा. एप्रिलमध्ये कोलकात्याहूनच ती बोटीने निघाली. आनंदीबाई १८८७ साली गेली. कादंबिनी जगली, दवाखाना चालवला, मुलांना वाढवलं, आणि १८९१ साली 'बंगवासी' नावाच्या पत्राने तिला आडून आडून कुलटा म्हटलं. गांगुली नवराबायको कोर्टात गेले. संपादकाला सहा महिन्यांची कैद झाली. रात्री-अपरात्री रोग्याच्या घरी जाणारी लग्नाची बाई कुठल्या चित्रात बसवायची हे बिचाऱ्याला कळलं नसणार.

घरच्या गोष्टीकडे येते. नवऱ्याच्या ठाकुमा, म्हणजे आजी, बारिसालच्या. फाळणीनंतर सगळं सोडून आल्या, जादवपूरकडच्या एका कॉलनीत कुडाच्या घरात राहिल्या, आणि लवकरच विधवा झाल्या. पूर्व बंगालातून आलेल्या या घरांनी कोलकात्यातल्या बाईचं चित्र जेवढं बदललं तेवढं कुठल्याही समाजसुधारकाला जमलं नाही, कारण तिथे तत्त्वाचा प्रश्नच नव्हता, चुलीचा होता. मुली शाळांत शिकवायला गेल्या, टेलिफोन एक्स्चेंजमध्ये गेल्या, दारोदार वस्तू विकायला गेल्या. सत्यजित राय यांच्या १९६३ च्या 'महानगर'मध्ये विणकामाची यंत्रं विकणारी जी सून आहे तिची लिपस्टिक तेवढी लोकांच्या लक्षात राहते. मला लक्षात राहतो तो तिचा सासरा, जो तिच्या पगाराला हात लावणार नाही म्हणतो आणि चष्म्यासाठी जुन्या विद्यार्थ्यांपुढे हात पसरतो.

ठाकुमांनी मुलींना नोकरीला पाठवलं, पण स्वतः मरेपर्यंत पांढरं 'थान', म्हणजे विधवेचं बिनकाठाचं वस्त्र, नेसल्या. मासे नाहीत, कांदा-लसूण नाही, मसुराची डाळ नाही, एकादशीला पाणीसुद्धा जेमतेम. त्यांची चूल वेगळी, भांडी वेगळी. त्या वेगळ्या चुलीवर त्या केळफुलाची, फणसाच्या कुयरीची, भोपळ्याच्या सालींची जी भाजी करत, तिच्या वासाने माशाच्या ताटावरची माणसं उठून त्यांच्याकडे वाटी घेऊन जात असं घरात अजून सांगतात. बंगाली शाकाहारी स्वयंपाकाचं आता हॉटेलांतून फार कौतुक होतं. तो कुणी, कशामुळे आणि किती भुकेने घडवला याची चर्चा मेनूकार्डावर नसते.

माझ्या सासूबाई शाळेत भूगोल शिकवायच्या. आम्ही त्यांना मा म्हणतो. त्या रोज शाँखा-पोला घालून शाळेत जात, फळ्यावर लिहिताना बांगडी वाजायची म्हणून मुलं त्यांना लांबूनच ओळखत. सासरे गेले तेव्हा दहाव्याच्या आधीच नात्यातल्या बायका कुजबुजायला लागल्या, शाँखा कोण उतरवणार, कशी फोडायची. मा म्हणाल्या, "आमि निजेइ खुलबो." मीच काढीन. बाथरूममध्ये गेल्या, साबण लावून दोन्ही हातांतली शाँखा सरकवून काढली, पुसली, आणि पेन्शनचे कागद ठेवायच्या पत्र्याच्या डब्यात ठेवून दिली. कुणाला काही म्हणता आलं नाही.

खरी कसोटी श्राद्धानंतर होती. सुतक संपलं की 'मत्स्यमुख' होतं, घरादाराने पुन्हा मासे खायला सुरुवात करायची. विधवा सोडून. पंगत बसली. माझी मोठी जाऊ, जिला मी दिदिभाई म्हणते, वाढत होती. ती सगळ्यांना रुईचा तुकडा वाढत वाढत मांपाशी आली आणि एक शब्द न बोलता त्यांच्याही ताटात चांगला पोटाकडचा तुकडा ठेवून पुढे गेली. समोर बसलेल्या मावससासूबाईंचा घास हातातच राहिला. मांनी आधी डाळभात कालवला, मग काटे बाजूला करायला लागल्या. काटे काढायला त्यांनी इतका वेळ लावला की मला वाटलं नुसतंच चिवडणार. पण खाल्ला. नंतर हात धुताना म्हणाल्या, मीठ कमी पडलं होतं. त्या घरातली दोनशे वर्षांची रीत त्या दिवशी मोडली, आणि तिच्यावरची एकमेव टीका मिठाबद्दल झाली.

माझं स्वतःचं लग्न सातारच्या रजिस्ट्रार ऑफिसात. बेहालाला आल्यावर बोउभात झाला, म्हणजे नव्या सुनेने सगळ्यांना भात वाढायचा. त्याआधी 'भात-कापड'. नवरा ताटात जेवण आणि साडी घेऊन समोर येतो आणि म्हणतो, आजपासून तुझ्या भाताची आणि कापडाची जबाबदारी माझी. त्या वेळी माझा पगार त्याच्यापेक्षा बराच जास्त होता. आम्ही दोघं हसू दाबत उभे, आणि फोटोग्राफर म्हणतोय, बोउदी (वहिनी), थोडं लाजा. शाँखा घालायला बागबाजारहून एक शाँखारी आला होता. शंख येतात तिकडे तामिळनाडूच्या किनाऱ्यावरून, त्यांच्या गोल चकत्या कापून, घासून, नक्षी कोरून बांगड्या होतात. पूर्वी पायांनी शंख दाबून धरून अर्धचंद्राच्या आकाराच्या भल्यामोठ्या करवतीने कापत, आता यंत्रावर. माझा हात रुंद. त्याने साबण लावला, अंगठा आत वळवला आणि अशी काही ढकलली की डोळ्यांत पाणी आलं. बायका म्हणाल्या, रडायलाच हवं, शुभ असतं.

ऑफिसात दुसऱ्याच आठवड्यात कीबोर्डच्या कडेवर आपटून तिचा टवका उडाला. तेव्हापासून ती देव्हाऱ्याच्या खणात असते, पूजेला बाहेर येते. माझ्या बरोबरच्या बहुतेकींचं असंच आहे. अष्टमीला लाल काठ, शाँखा, पोला, आलता, पुढच्या आठवड्यात पुन्हा जीन्स. शाँखा गेली तशी मजा म्हणजे मंगळसूत्र आलं. बंगाल्यांत ते मुळात नाही. हिंदी मालिका बघून आणि इन्स्टाग्रामवर बघून इथल्या नव्या नवऱ्या बारीक काळ्या मण्यांची साखळी हौसेने घालतात. दिदिभाईच्या मुलीचा माझ्या दोन वाट्यांवर डोळा आहे. मी ते घालत नाही म्हणून तिला हळहळ वाटते.

पण ही ऐच्छिकता कुणाची? आमच्याकडे कामाला मासी येतात, बजबज लोकलने माझेरहाटला उतरून. त्यांच्या हातात वर्षाचे बारा महिने शाँखा-पोला, भांगात कपाळापर्यंत उतरलेला सिंदूर. पोला प्लास्टिकचा. नवरा कामासाठी केरळात गेला तो गेलाच, तिकडे दुसरा संसार आहे असं त्यांना कळलंय. मी एकदा विचारलं, मग हे सगळं कशाला? म्हणाल्या, पहाटे चारला स्टेशनवर उभी असते, हे असलं म्हणजे माणसं 'बोउदी' म्हणतात आणि बाजूला सरकतात. हे नसलं तर काय म्हणतात ते तुम्हाला कशाला सांगू? भाड्याची खोलीही हे बघूनच मिळाली. चिन्ह अजून काम देतं आहे ते इथे. होर्डिंगवरच्या बाईशी सगळ्यात जास्त साम्य असलेली बाई शहरात जर कुणी असेल तर ती सकाळच्या लोकलमध्ये खाली बसलेली असते.

त्यांच्या मुलीचं लग्न सोळाव्या वर्षी झालं. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत पश्चिम बंगालमधल्या वीस ते चोवीस वयाच्या बायकांपैकी ४१.६ टक्क्यांचं लग्न अठराच्या आत झालेलं होतं. महाराष्ट्राचा आकडा २१.९ टक्के, आणि तोही मिरवण्यासारखा नाही. त्याच पाहणीत बंगालचा प्रजनन दर १.६, म्हणजे देशातल्या कमीत कमींपैकी. मुलं कमी, पण लग्नं लवकर. रवींद्रसंगीत गाणाऱ्या, मोठ्या टिकलीच्या, स्वतंत्र बाण्याच्या बंगाली बाईवर फिदा असणाऱ्या आपल्याकडच्या मंडळींना हा आकडा सांगितला की ते गप्प बसतात.

२०२१ मध्ये सरकारने 'लक्ष्मीर भांडार' योजना आणली. लक्ष्मीर भांडार म्हणजे घरातल्या बाईचा मातीचा गल्ला. पंचवीस ते साठ वयाच्या बायकांच्या खात्यात दरमहा आधी पाचशे, अनुसूचित जाती-जमातींना हजार, २०२४ मध्ये त्याचे हजार आणि बाराशे झाले. आपली 'लाडकी बहीण' नंतरची. तिथे नातं भावाचं, इथे घरच्या लक्ष्मीचं. मासींचे पैसे सुरुवातीला थोरल्या दिराच्या फोनवर ओटीपी जायचा म्हणून त्याच्याकडेच अडकायचे. मग त्यांनी दोन महिने आमच्याकडून उचल घेऊन छोटा फोन आणि स्वतःच्या नावाचं सिमकार्ड घेतलं, बँकेत जाऊन नंबर बदलून आल्या. आता तो फोन त्यांच्या ब्लाउजमध्ये असतो. ज्या दिवशी त्या हे सांगत होत्या त्याच दिवशी माझ्या लक्षात आलं की मांच्या पेन्शनचा ओटीपी अजून माझ्या नवऱ्याच्या फोनवर येतो. शिकलेली, कमावलेली, विधवेचे मासे पचवलेली बाई, आणि चाव्या मुलाच्या खिशात! ते बदलायला आम्हाला फार वेळ लागला नाही, पण बँकेतला माणूस तीनदा म्हणाला, माशिमा, मुलाचाच राहू द्या ना, तुम्हाला त्रास कशाला.

टीव्हीवरच्या मालिकांबद्दल न बोललेलंच बरं. तिथे बोउ बनारसी नेसून झोपते आणि सासूच्या दुधात विष कुणी घातलं ते शोधते. आणि मोबाइलवर 'बोउदी' या नावाने जो चावट मजकूर फिरतो तो कालीघाटच्या बीबीचाच पुढचा अवतार. फक्त तेव्हाच्या पटुयाचा हात बरा होता.

दशमीच्या सिंदूरखेळावरून मात्र आमच्या पाड्यात, म्हणजे मोहल्ल्यात, खरी वादावादी झाली. उमा चार दिवस माहेरपणाला आलेली असते, आपल्या गौरींसारखीच. तिला निरोप देताना सवाष्णी तिच्या तोंडाला पेढा लावतात, विडा देतात, भांगात सिंदूर भरतात आणि मग एकमेकींना माखतात. विधवा, कुमारिका, घटस्फोटिता कडेला उभ्या. गेल्या काही वर्षांत कोलकात्यातल्या बऱ्याच मंडपांनी हे सगळ्यांना खुलं केलं. आमच्याही मंडळाच्या सेक्रेटरींनी माइकवरून जाहीर केलं, सगळ्याजणी या, कुणी मागे राहू नका. दिदिभाई मांना बोलवायला धावत वर आली. मा गॅलरीत चहा पीत होत्या. म्हणाल्या, तुमचे बाबा होते तेव्हासुद्धा मला ते आवडायचं नाही, अंगावर पुरळ यायचं, आता सुटले आहे तर पुन्हा कशाला? खाली वर्तमानपत्राचा फोटोग्राफर एखाद्या हसऱ्या विधवेच्या शोधात होता. त्याला दुसरी मिळाली.

मला दोन्ही बाजू कळतात. ज्यांना आयुष्यभर कडेला उभं केलं त्यांनी मध्ये येऊन लाल व्हावं, यात आनंद आहे, आणि मी स्वतः तिथे नाचले आहे. पण सगळ्यांना सिंदूर लावला म्हणजे सिंदुराचा प्रश्न मिटला असं नाही. २०२० मध्ये गुवाहाटी उच्च न्यायालयाने एका घटस्फोटाच्या निकालात म्हटलं होतं की बायको शाँखा-सिंदूर घालायला नकार देते म्हणजे ती लग्नच मान्य करत नाही. आम्ही मंडपात त्याला खेळ म्हणतो, तिकडे तो पुरावा असतो.

गेल्या हिवाळ्यात दिदिभाईच्या मुलीचं लग्न झालं. नंदिनी भौमिक आणि त्यांच्या 'शुभमस्तु' गटामुळे कोलकात्यात आता बायका पौरोहित्य करतात याची लोकांना सवय झाली आहे. पुण्यात हे त्याच्याही कितीतरी आधीपासून चालू आहे, हेही मी ऐकवून घेतलं. आमच्याकडे तशाच एक पुरोहितबाई आल्या. कन्यादान नाही. निघताना नवऱ्यामुलाने आईला "तुझ्यासाठी दासी आणायला जातो" असं म्हणायचं असतं, ते त्याने म्हटलं नाही. त्याची आई म्हणाली, मी त्याला आधीच सांगितलंय, दासी आणलीस तर पगार तू द्यायचास. पाठवणीच्या वेळी मुलीने मूठभर तांदूळ मागे आईच्या पदरात फेकून "तुमचं ऋण फेडलं" म्हणायचं, त्यालाही पोरीने साफ नकार दिला. ऋण आहे तर आहे, म्हणाली, हप्त्यांनी फेडीन. वराचं औक्षण मांनी केलं, सुपात दिवा-धान्य घेऊन, विधवा असून. कुणी कुजबुजलं नाही. मावससासूबाई आता नाहीत.

आणि सगळ्यात मोठी गोष्ट. बंगाल्यांत आईने आपल्या लेकराचं लग्न बघायचं नसतं, अशुभ असतं. बायका आतल्या खोलीत बसून राहतात, बाहेर शंख वाजले की समजतात, लागलं. दिदिभाईने यंदा जाहीर केलं होतं, मी पहिल्या रांगेत बसणार. तिच्यासाठी मधोमध खुर्ची ठेवली. लाल काठाची गरद साडी, अंबाड्यात मोगरा, अगदी त्या होर्डिंगवरच्यासारखी दिसत होती. पुरोहितबाई मंत्रांचा अर्थ बंगालीत सांगत होत्या, मध्ये मध्ये गाणं. मुलीला पाटावर बसवून आणलं, चेहऱ्यासमोर विड्याची पानं. आता शुभदृष्टी, पानं बाजूला व्हायची, तेवढ्यात केटररचा माणूस खुर्च्यांमधून वाट काढत आला आणि दिदिभाईच्या कानाशी लागला. फिश फ्राय दीडशे कमी पडणार होते आणि दुसरी बॅच बसवायची होती. भाऊजी शेजारीच बसले होते, त्याने त्यांना विचारलं नाही. ती उठली. शंख वाजले, बायकांचा उलूध्वनी, म्हणजे जीभ हलवत काढलेला मंगल आवाज, झाला, मी मागे वळून बघितलं तर ही भटारखान्याच्या दारात उभी राहून ट्रे मोजत होती. मी हाताने खूण केली, झालं, लागलं. ती म्हणाली, "व्हिडिओत बघीन ग, आधी त्याला म्हणावं, म्हाताऱ्या माणसांना डोक्याचा तुकडा वाढू नको."